बेमालूम जोड

पानगळ सुरू झाली की आमच्या न्यू जर्सीतल्या वेस्ट विंडसरमध्ये आधी आवाज येतो आणि रंग मागाहून दिसतो. सकाळीच पाठीवर यंत्रं अडकवलेली माणसं येतात आणि फुंकून फुंकून एका घरापुढची पानं दुसऱ्या घरापुढे नेऊन ठेवतात. दुपारी वारा ती परत आणतो. मी त्या वेळी मीटिंगमध्ये असते, स्वतःला म्यूट करून, विम्याच्या सॉफ्टवेअरमधल्या चुका शोधत. खिडकीसमोरचं मेपल लाल झालंय हे मला दर वर्षी दुसरंच कुणीतरी सांगतं. यंदा सांगायलाही कुणी नव्हतं. आई नागपूरला परत गेली आणि शेजारच्या रैसाताई लेकीच्या नव्या नोकरीपायी बॉस्टनला. तेव्हा परवा मी स्वतःच मान वर केली. झाड शेंड्यापासून लाल होत खाली आलं होतं आणि बुंध्याजवळ अजून हिरवं होतं. बघता बघता मला गेल्या वर्षीची पानगळ आठवली. आठवली म्हणजे काय, अंगावरच आली.

आई तेव्हा सहा महिन्यांच्या मुक्कामाला आली होती. इथे येणाऱ्या आईवडिलांचं एक ठरलेलं असतं. सुरुवातीला त्यांना रस्ते आवडतात, मग ते आपल्या स्वयंपाकघरातले डबे आवरायला घेतात, आणि डबे संपले की विचारतात, "इथं माणसं राहतात कुठं?" आईचे डबे ऑगस्टमध्येच संपले. सप्टेंबरात तिला टपालपेट्यांजवळच्या बाकावर एक माणूस सापडलं. डोक्याला लोकरीची टोपी, हातात काठी, ऐंशी कधीच ओलांडलेली एक गोरी बाई. आई रोज तिच्याकडे बघून हसायची आणि ती बाई दर वेळी मान फिरवून भलतीकडे बघायची.

"मोठी तोऱ्यात दिसते बापा," आई मला म्हणाली.

खरी गोष्ट अशी होती की मान फिरवल्यावरच त्या बाईंना, म्हणजे रैसाताईंना, आई दिसत होती. रैसाताईंच्या नजरेच्या मधोमध एक डाग पडला होता आणि तो वाढत होता. डॉक्टर डोळ्यात इंजेक्शनं देत होते, पण ती डाग पुसायला नव्हती, त्याची चाल मंद करायला होती. कडेकडेचं तेवढं दिसायचं. "मला लोकांचे कान फार छान दिसतात," त्या पुढे एकदा म्हणाल्या, "नाक आहे यावर मात्र विश्वास ठेवावा लागतो."

त्यांचं नाव रैसा ल्वोव्हना. त्यांच्याकडे मोठ्या माणसाला नुसत्या नावानं हाक मारत नाहीत, पुढे वडिलांचं नाव जोडतात. हे ऐकून आईला फार बरं वाटलं. "म्हणजे आपल्यासारखंच की," म्हणाली, आणि लगेच वडिलांना गाळून रैसाताई म्हणायला लागली. आईला इंग्रजी येत नाही. रैसाताईंचं इंग्रजी रशियन वळणाचं, माझं नागपुरी. मी मध्ये बसून दोघींचं एकमेकींना सांगायची, आणि मी नसले तरी त्यांचं फारसं अडायचं नाही. रैसाताई सोव्हिएत काळात सिनेमाच्या एडिटर होत्या हे मला अशाच एका दुपारी कळलं, आणि तेही कापडामुळे.

आईनं सईसाठी गोधडी शिवायला घरून एक जुनं नऊवारी लुगडं आणलं होतं. सई म्हणजे माझी मुलगी, वय तेरा. तिला गोधडी नको होती, पण तो वेगळा विषय. मागच्या डेकवर बसून आई लुगडं मोजत होती, तिच्या नेहमीच्या पद्धतीनं. कापडाचं एक टोक नाकाशी, दुसरा हात लांब करून चिमटीत कापड, की झाला एक वार. रैसाताई मान तिरकी करून बघत होत्या आणि एकदम हसायला लागल्या. काठी बाजूला ठेवून त्यांनीही हवेतली एक न दिसणारी पट्टी नाकाशी धरली, हात लांब केला आणि म्हणाल्या, "दोन सेकंद."

मग त्यांनी समजावून सांगितलं. फिल्मची पट्टी नाकापासून बोटांपर्यंत धरली की पडद्यावर ती साधारण दोन सेकंद चालते. त्यांच्या एडिटिंगच्या खोलीतल्या सगळ्या बायका अशाच मोजायच्या, घड्याळाकडे कोण बघणार. लुगडं संपेपर्यंत त्या आईबरोबर मोजत राहिल्या. "अठरा सेकंद," शेवटी म्हणाल्या. "फार लांब शॉट आहे. सरकारी कमिटी कापायला सांगेल."

आईला मी हे सांगितलं तेव्हा तिनं लुगड्याकडे जरा नव्या नजरेनं पाहिलं. मलाही ते सुटेना. त्या रात्री अंथरुणावर पडल्या पडल्या मी हिशेब करत होते की आमची रोजची अर्ध्या तासाची मीटिंग उलगडली तर ती घरापासून पार वाचनालयाच्या पुढे जाईल, आणि त्यात ठेवण्यासारखं निघेल ते एका ब्लाउजपीसपुरतं. वेळ हाताला लागतो, त्याला काठ असतो, तो घडी करून ठेवता येतो, हे मला तोवर कुणी सांगितलं नव्हतं.

शाळा सुटल्याबरोबर रैसाताई स्टुडिओत लागल्या, तुकडे चिकटवणारी म्हणून. पांढरा कोट, हातात पांढरे सुती मोजे. फिल्मच्या टोकावरचं औषध, म्हणजे ज्यावर चित्र उमटतं तो थर, ब्लेडनं खरवडायचं, बारीक ब्रशनं डिंकासारखं रसायन लावायचं, दाबून धरायचं. त्या रसायनाचा वास नेलपॉलिश काढायच्या बाटलीसारखा, आणि तो केसांतून सुट्टीच्या दिवशीसुद्धा जायचा नाही. छताखाली खुंट्यांवर शेकड्यांनी पट्ट्या लोंबायच्या, खाली कापडाचं अस्तर लावलेल्या टोपल्या, म्हणजे फिल्मला ओरखडा नको. फिल्मची कुठली बाजू गुळगुळीत आणि कुठली औषधाची, हे ओठाला लावून ओळखायचं. औषधाची बाजू ओठाला किंचित चिकटते. "मी नवऱ्यापेक्षा फिल्मचे मुके जास्त घेतले," रैसाताई म्हणाल्या. आई शेजारीच होती, म्हणून भाषांतर करताना मी नवऱ्याला वगळलं.

चिकटवणारीची मदतनीस झाली आणि मदतनिसाची एडिटर. त्या खोल्यांमध्ये बहुतेक बायकाच असत. दिग्दर्शक यायचे, भांडायचे, रडायचे, दारात उभं राहून सगळं जग आपल्या विरुद्ध आहे असं सांगायचे आणि जायचे. टेबलापाशी बायका तिथंच. लग्नाचे सिनेमे, ट्रॅक्टरचे सिनेमे, युद्धाचे तर कितीतरी. एक लहान मुलांचा सिनेमा होता, त्यात एका मांजरानं दरवाज्याकडे, म्हणजे डावीकडे, बघायचं होतं. मांजर काही केल्या बघेना. सगळ्या युनिटनं हात टेकले. रैसाताईंनी टाकलेल्या तुकड्यांच्या टोपलीत त्या मांजराची एक जांभई शोधली. जांभई संपताना त्याची मान जराशी वळत होती. तेवढंच त्यांनी उचललं, आधी दरवाज्याचा आवाज ठेवला, आणि मांजर मोठ्या विचारात पडून डावीकडे बघायला लागलं. देशभरातली मुलं त्या मांजराच्या हुशारीवर खूष झाली. मला ही गोष्ट ऐकून हसू आलं आणि हसता हसता काटा आला. जे घडलंच नाही ते या बाईनं दोन उरलेल्या तुकड्यांतून घडवलं होतं, आणि त्यावर त्यांचं नाव कुठं, तर चार जणांच्या घोळक्यात, बारीक अक्षरात, बघेपर्यंत निघून जाणारं.

मग तो देशच राहिला नाही. स्टुडिओचे हॉल फर्निचरवाल्यांना भाड्यानं गेले. त्यांची लेक इरिना प्रोग्रॅमर, तिच्यामागून रैसाताई न्यू जर्सीत आल्या आणि डोळे चालत होते तोवर एका ड्रायक्लीनरकडे लोकांच्या पॅंटी आखूड करत होत्या. याचं त्यांना काही दुःख नव्हतं. "काम तेच," त्या म्हणायच्या. "जास्तीचं कापायचं आणि कापलेलं कळू द्यायचं नाही."

संध्याकाळी त्या आमच्याकडे यायच्या आणि आईबरोबर मराठी मालिका बघायच्या. बघायच्या म्हणजे टीव्हीच्या अगदी जवळ खुर्ची ओढून, खिडकीकडे तोंड करून. भाषा कळत नसल्यामुळे त्यांचं सगळं लक्ष एक शॉट संपून दुसरा लागतो त्या जोडांवर. सासूनं काहीतरी बोलायचं, ढोलासारखा आवाज व्हायचा आणि सुनेचा चेहरा एकदा, दोनदा, तीनदा धाडकन पुढे यायचा.

"तीनदा का?" रैसाताईंनी मला विचारलं. "एकदा दाखवून भरवसा वाटत नाही?"

मी आईला विचारलं. आई म्हणाली, "त्यांना सांग, पहिल्यांदा दाखवते तेव्हा मी भाजी ढवळत असते."

मला वाटलं रैसाताई हसतील. त्या हसल्या नाहीत. टीव्हीकडे पुन्हा मान तिरकी करून त्या म्हणाल्या की कारण चांगलं आहे, बघणाऱ्याचे हात कशात गुंतलेले आहेत हे एडिटरला ठाऊक असलं पाहिजे, आणि त्यांच्या काळी लोक अंधारात हात मोकळे ठेवून बसायचे म्हणून एकदा पुरायचं. त्या दिवसापासून त्यांनी मालिकेला नावं ठेवली नाहीत. ही गोष्ट मला अजून आवडते. एवढ्या मोठ्या कारागिरीच्या माणसाला माझ्या आईच्या कढईचा आदर वाटला होता.

सईनं एकदा त्यांना फोनवर तिचं रील कापून दाखवलं. अंगठ्यानं सरकवलं, इथं कट, तिथं कट, झालं. रैसाताईंनी तो अंगठा हातात धरून उलटसुलट बघितला.

"जे कापलं ते तुकडे कुठं ठेवतेस?" त्यांनी विचारलं.

"दे आर जस्ट गॉन," सई म्हणाली. "बट यू कॅन ऑल्वेज अनडू."

रैसाताईंना तो शब्द ड्रायक्लीनरकडचा ठाऊक होता, शिवण उसवायची तो. त्यांनी मला विचारलं, शिवण उसवतात तसंच का? मी म्हटलं, हो, तसंच, कापलेलं परत येतं. त्या काठी घेऊन उठल्या. का उठल्या ते मला दिवाळीच्या आधी कळलं.

आई त्या दिवशी चकलीची भाजणी भाजत होती. घरभर खमंग वास, स्मोक अलार्म वाजू नये म्हणून सगळ्या खिडक्या उघड्या, आणि बाहेरून पानं उडवणाऱ्यांचा घूं घूं आवाज. रैसाताई स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसल्या होत्या. दुपारी त्यांना एक ईमेल आला होता आणि तो इरिनानं त्यांना वाचून दाखवला होता. जवळच्या विद्यापीठातल्या सिनेमा विभागात नोव्हेंबरमध्ये एक जुना सोव्हिएत सिनेमा दाखवणार होते. त्या सिनेमाचं एडिटिंग करणारी बाई इथून दहा मिनिटांवर राहते हे त्यांना माहीत नव्हतं, आसपासच्या सगळ्याच रशियन घरांना तो ईमेल गेला होता. सिनेमा रैसाताईंचा होता. त्यांनी तो आम्हाला तिथंच, भाजणीच्या वासात सांगितला.

युद्ध नुकतंच संपलंय. एका खेड्याच्या लहानशा स्टेशनवर सैनिकांना घेऊन गाडी येते. एक बाई नवऱ्यासाठी फडक्यात उकडलेले बटाटे बांधून आलीय. माणसं उतरतात, गळ्यात पडतात, घरी जातात. तिचा नवरा उतरत नाही. गाडी निघून जाते, फलाट रिकामा होतो. ती उभी असते. मग ती फडकं सोडते आणि एक बटाटा खायला लागते.

"बस," रैसाताई म्हणाल्या. "कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर आणि ती खातेय. रडत नाही. भूक लागलेली असते."

ती किती वेळ खाईल यावर त्यांनी आणि दिग्दर्शकानं कितीतरी दिवस घालवले. थोडं कमी ठेवलं तर तिला नवऱ्याचं काही नव्हतंच असं वाटायचं. थोडं जास्त ठेवलं तर ती दुःख मिरवतेय असं दिसायचं. शेवटी एका दिवशी सापडलं. दोघांनाही एकदमच कळलं की हेच, यात आता एक फ्रेमसुद्धा हलवायची नाही. मग सिनेमे पास करणारी कमिटी आली. कमिटीला चेहरा आवडला, खाणं आवडलं नाही. सैनिकाची बायको अशा वेळी खाईल का, त्यांनी विचारलं. तुकडा काढून टाका.

दिग्दर्शक घरी जाऊन दार लावून बसला. हुकूम टेबलापर्यंत आला, आणि टेबलापाशी रैसाताई होत्या. त्यांनी तो शॉट काढला. गाडी जाते आणि पुढे थेट शेत. पण त्यांनी तो कसा काढला! गाडीच्या इंजिनाचा धूर पडद्याच्या ज्या कोपऱ्यात जाऊन विरतो, त्याच कोपऱ्यातून शेतावरचं धुकं सुरू केलं. गाडीची शिटी ओढून शेतापर्यंत नेली. कमिटीनं हात हातात घेऊन कौतुक केलं. दिग्दर्शक आला, त्यानं बघितलं, म्हणाला, काहीच गेल्यासारखं वाटत नाही, आणि पुन्हा कधी त्यांच्याकडे सिनेमा घेऊन आला नाही.

"मी वाईट कापायला हवं होतं," रैसाताई म्हणाल्या. "धक्का राहू द्यायला हवा होता. बघणाऱ्याला वाटलं असतं, इथं काहीतरी होतं. पण माझ्या हातांना वाईट कापता येत नव्हतं."

मी आईला सगळं सांगितलं. आईनं गॅस बारीक केला. "रफू करणाराला कोणी म्हणते का, भोक दिसू दे म्हणून?" म्हणाली, आणि आतून तिची शाल घेऊन आली. त्या शालीला पूर्वी कधीतरी नागपुरात रफू करून घेतलं होतं आणि कुठं ते आता आईलाही सापडत नव्हतं. तिला बहुतेक रैसाताईंचं समाधान करायचं होतं. रैसाताईंनी शाल मांडीवर घेतली, डोळे मिटले आणि अंगठा फिरवत गेल्या. बराच वेळ फिरवल्यावर थांबल्या. "इथं आहे," म्हणाल्या. खरंच होतं. आई चहा टाकायला उठली.

आता प्रश्न असा होता की विद्यापीठात येणाऱ्या त्या सिनेमात बटाटे आहेत की नाहीत. परदेशातल्या कुठल्या तरी संग्रहात एक प्रत सापडली होती. कमिटी येण्यापूर्वी एक प्रत बाहेर महोत्सवाला गेली होती, हे रैसाताईंना आठवत होतं. सापडली ती तीच, का नंतर जगभर गेलेल्यांपैकी एक, हे कसं कळणार? शॉट असला तर फिल्म तेवढी लांब भरणार, म्हणून इरिनानं ईमेल करून विचारलं, प्रत किती मीटरची आहे? उत्तर आलं, आता ती डिजिटल फाइल आहे, मीटर नाहीत, पण सिनेमा कम्प्लीट आहे. "कापलेला प्रत्येक सिनेमा कम्प्लीटच असतो," रैसाताई म्हणाल्या. सरळ त्या शॉटबद्दल विचारू म्हटलं तर नको म्हणाल्या. विचारलं तर तो कुणी कापला हेही सांगावं लागलं असतं.

आणि त्यांना स्वतःला तर दिसणार नव्हतं. अंधाऱ्या हॉलमध्ये, लांबच्या पडद्यावर, त्यांना नुसता उजेड हललेला कळायचा. तो चेहरा पडद्याच्या मधोमध, आणि मधोमधचंच सगळं गेलेलं. कुणीतरी त्यांच्यासाठी बघायला हवं होतं. त्यांनी मला सांगितलं.

"इरिना का नको?" मी विचारलं.

"इरिना मला बरं वाटावं म्हणून खोटं बोलेल. तू नाही बोलणार. तुझं कामच चुका सापडवण्याचं आहे."

माझ्या नोकरीची एवढी तारीफ आजवर माझ्या मॅनेजरनंही केलेली नाही. पण त्यानंतरचे दिवस मला जड गेले. तो शॉट नसला तर तसं मला सांगावं लागणार होतं, अंधारात, एका शब्दात, आणि डोळ्यांच्या डॉक्टरांचा सूर पाहता या बाईला पडद्यावरचा उजेड तरी कळायची ही शेवटचीच वेळ असणार होती. पानं पडत होती. मी मीटिंगमध्ये म्यूट होऊन बाहेर बघायची आणि मला पहिल्यांदाच दिसत होतं की झाड एकदम मोकळं होत नाही, कुठलं पान कधी गेलं ते कधीच सापडत नाही, नुसती एका सकाळी पलीकडची खिडकी दिसायला लागते. आई रोज विचारायची, "असेल नं गं तो तुकडा?" जणू कुणी नातेवाईक आयसीयूत होता. देवापुढे तिनं साखरही ठेवली.

रैसाताई बॉस्टनहून अजून रविवारी फोन करतात. आता त्यांना कानही दिसत नाहीत. "झाड कुठवर आलं?" विचारतात, आणि मी सांगते. हल्ली मला सांगता येतं. कुठला रंग आधी गेला, कुठला राहिला, उजेड कुठून पडतोय. एखाद्याच्या वतीनं बघायचं म्हणजे काय असतं ते मी त्या सिनेमाच्या शनिवारी शिकले, आणि त्यानंतर नुसतं बघणं मला जरा आळशीपणाचं वाटायला लागलंय.

त्याच शनिवारी मराठी मंडळाचा दिवाळी कार्यक्रम होता आणि निवेदन माझ्याकडे होतं. मी ते कॅन्सल केलं. मंडळाचा सेक्रेटरी मंदार पार्सिपनीला राहतो, त्यानं ताबडतोब फोन केला. "अगं फ्लायरवर नाव गेलंय तुझं यार. रशियन मूव्ही काय, नंतर ऑनलाइन बघ नं." मी म्हटलं, हा ऑनलाइन बघता येत नाही, आणि मला तो बघायचाही नाही, दुसऱ्यासाठी बघायचाय. तो म्हणाला, "ओके, व्हॉटेव्हर," आणि ते बरोबरच होतं, मलाही दुसरं काही सांगता आलं नसतं.

हॉल लहान होता. लॅपटॉप मांडीवर घेतलेली काही मुलं, एक म्हातारं रशियन जोडपं, आणि आम्ही. रैसाताईंनी ठेवणीतला निळा ड्रेस घातला होता. आई दिवाळी म्हणून पैठणी नेसून, वरून माझं जॅकेट आणि पायात स्नीकर्स. रैसाताई कडेला, त्यांच्या शेजारी मी, आई माझ्या पलीकडे. इरिना मागे एकटी बसली, तिला स्वतःच्या आईचा चेहरा बघवणार नाही म्हणाली. एका प्राध्यापकांनी दिग्दर्शकाबद्दल पुष्कळ सांगितलं. एडिटरचा उल्लेख नव्हता. आम्हीही ओळख करून दिली नाही, तशी सक्त ताकीद होती. मग अंधार झाला.

सिनेमा सुरू होताच रैसाताईंनी डोळे मिटले. माझा हात ओढून त्यांनी दोन खुर्च्यांमधल्या दांड्यावर ठेवला आणि त्यावर आपलं एक बोट टेकवलं. मला वाटलं, घाबरल्या आहेत. बोट उचललं गेलं आणि माझ्या हातावर हलकेच पडलं. पडद्यावर घर होतं, त्याची विहीर झाली. पुन्हा पडलं. विहिरीचा हात झाला. पुन्हा. मला कळायला थोडा वेळ लागला. त्या जोड सांगत होत्या. डोळे मिटून, अर्ध्या शतकापूर्वी कापलेल्या सिनेमाचा एकेक जोड त्या माझ्या हातावर ठेवत होत्या, आणि बोट पडायचं त्याच क्षणी चित्र बदलायचं. आधी नाही, नंतर नाही. संथ प्रसंगात बोट बराच वेळ वर थांबायचं, लोक नाचायला लागले तेव्हा ते भराभरा पडायला लागलं, आणि एकदाही चुकलं नाही. मला गोष्ट कळेनाशी झाली. खाली इंग्रजी अक्षरं येत होती, ती मी वाचत नव्हते. मी आयुष्यात पुष्कळ हुशार माणसं बघितली आहेत, पण एखादी गोष्ट माणसाच्या अंगात अशी राहिलेली मी कधी अनुभवली नव्हती. माझ्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं आणि मी ते पुसलंही नाही, कारण हात हलवायची माझी हिंमत नव्हती.

मग गाडी आली. माणसं उतरली. फडकं हातात धरलेली बाई पुढे आली, डबे बघत चालत गेली, मागे आली. गाडी सुटली. इंजिनाचा धूर पसरत पसरत पडद्याच्या कोपऱ्याकडे गेला आणि रैसाताईंचं बोट माझ्या हातावर पडलं.

धुकं आलं नाही. शिटी दूर जाऊन बंद झाली आणि पडद्यावर चेहरा आला.

बोट वर गेलं आणि तसंच राहिलं.

"धुकं नाही," मी त्यांच्या कानाशी म्हटलं. "चेहरा आहे."

त्यांनी श्वास आत घेतला तो मला ऐकू आला. "मग?"

"फडकं सोडतेय."

त्या बाईनं बटाटा बोटांनी थोडासा सोलला, एक घास घेतला, चावला. रुळांकडे एकदा पाहिलं. मग दुसरा घास. घाई नव्हती, लाज नव्हती. माझ्या पलीकडून आई अगदी हळू, त्या बाईलाच ऐकू जावं अशी म्हणाली, "खा बाई. खाऊन घे."

रैसाताईंनी माझ्याकडे तोंड वळवलं. "आई काय म्हणते?"

मी सांगितलं. त्यांनी मान हलवली आणि पुन्हा समोर केली. डोळे मिटलेलेच होते. बोट अजून हवेत. मला वाटलं, आता ते विसरलं. जो शॉट त्यांनी स्वतःच्या हातानं काढून टाकला, जो त्यानंतर कधी कुणी बघितला नाही, त्याचा शेवट कुठून आठवणार? पडदा सोडून मी त्या बोटाकडेच बघत राहिले. सुरकुतलेलं, नखाजवळ जरा वाकलेलं, पडद्याच्या करड्या उजेडात वर धरलेलं. मग ते सावकाश खाली आलं आणि माझ्या हाताला टेकलं, आणि टेकलं त्याच क्षणी त्याच्यावरचा उजेड पांढरा झाला. मी वर पाहिलं. शेतावर धुकं होतं.